शेजाऱ्यांनी डायरेक्ट मोटर लावली, आता काय?

मागच्या अंकात म्हटलं होतं की आपल्या इंदूरच्या कॉलन्यांमधल्या कुरबुरी लिहून पाठवा, तर पाठवल्या की हो तुम्ही लोकांनी! लोकमान्य नगर, राजेंद्र नगर, सुदामा नगर, अन्नपूर्णेकडचे, काही राऊकडच्या नव्या कॉलन्यांमधले. मे महिना असल्यामुळे निम्मी पत्रं पाण्याची आणि उरलेल्यात आंबे, कुत्री, गाड्या. नावं कुणाचीच छापत नाहीये, कारण तुमचे शेजारी पण हाच अंक वाचतात. एका ताईंनी पाण्यापासून सुरू करून शेजारणीच्या सुनेच्या नोकरीपर्यंत सगळं लिहिलंय, त्यातलं फक्त पाणी ठेवलं, सून काढून टाकली.

प्रश्न: काकू, आमच्याकडे नर्मदेचं पाणी एक दिवसाआड येतं आणि लाइनमध्ये आमचं घर शेवटचं. आधीच्या दोन घरांनी नळालाच डायरेक्ट मोटर लावलीय, पाणी आलं रे आलं की दोन्हीकडे घुंऽऽ सुरू आणि आमच्या नळातून नुसती हवा. बोलायला गेले तर भाईसाहब म्हणतात, "आप भी लगा लो, किसने रोका है?" मिस्टर म्हणतात आपण पण लावूच. मी म्हणते सरळ १८१ वर, म्हणजे सीएम हेल्पलाइनवर, तक्रार टाकते. काय करू? (सुदामा नगर)

उत्तर: आधी मिस्टरांना थांबवा, कारण मेन लाइनवर मोटर लावणं नियमात बसत नाही आणि नगर निगमवाले आले तर मोटर उचलून नेतात, मग तुमची नवी कोरी जाईल आणि त्यांची जुनी जाईल, नुकसान कुणाचं जास्त ते तुम्हीच बघा. दुसरं म्हणजे हे नुसतं हक्काचं भांडण नाहीये. मोटर पाणी ओढते तेव्हा पाइपातलं प्रेशर पडतं आणि लाइनला कुठे बारीक लीकेज असेल, जवळून ड्रेनेज जात असेल, तर बाहेरची घाण आत ओढली जाते. म्हणजे जो मोटर लावतो तो पण तेच पाणी पितो. हे त्या भाईसाहबांना सांगा, "तुम्ही आमचं पाणी चोरता" असं म्हणून सुरुवात करू नका. चोर म्हटल्यावर कुठलाच माणूस मोटर काढत नाही, उलट मोठी लावतो.

पण त्याच्याही आधी एक बघून घ्या. पाणी चालू असताना कधी लाइट गेली तर तुमच्या नळाला एकदम जोर येतो का? येत असेल तर शंकाच नको, मोटरीच आहेत. लाइट जाऊन पण धार तेवढीच बारीक राहत असेल तर तुमचं कनेक्शनच जुनं असेल, लोखंडी जीआय पाइप आतून गंजून अर्धा बंद झालेला असतो, आणि मग दोन वर्षं शेजाऱ्याशी फुकट भांडलात असं होईल. वॉल्व उघडायला जो भिया येतो ना त्याला विचारा, कुठल्या घरी काय लावलंय ते त्याला सगळं माहीत असतं, फक्त त्याच्यासमोर मोठ्या आवाजात विचारू नका.

मोटरीच निघाल्या तर दोन्ही घरांना सांगा की जमिनीत टाकी करून घ्या, नर्मदेचं पाणी आपोआप तिच्यात उतरेल आणि मोटर टाकीतून वर चढवायला लावा, ती कितीही घुं करू दे. टाकी नाही जमली तर निदान पहिली काही मिनिटं मोटर बंद ठेवायची, सगळ्यांचे पिण्याचे भरले की मग. कितीतरी गल्ल्यांमध्ये असंच चालू आहे. यानंतरही ऐकलं नाही तर निगमच्या जोन ऑफिसला लेखी द्या, गल्लीतल्या चार घरांच्या सह्या घेऊन, एकटीच्या नावाने नको. १८१ सगळ्यात शेवटी. तिथे तक्रार एल-वन पासून एल-फोर पर्यंत, म्हणजे वरच्या-वरच्या अधिकाऱ्यांकडे, चढत जाते आणि निकाल लागतोही, पण संध्याकाळपर्यंत आख्ख्या गल्लीला कळतं की कुणी टाकली. १९७८ मध्ये नर्मदा शहरात आली तेव्हाचे लोक अजून आहेत आपल्यात, त्यांना विचारा आधी पाण्याचे काय हाल होते. नर्मदेकाठच्या जलूदहून सत्तर एक किलोमीटर पंप करकरून आणलेलं पाणी आहे ते, आणि शेवटच्या पन्नास फुटात आपण मारामाऱ्या करतोय.

प्रश्न: आमच्या मागच्या अंगणात सासऱ्यांनी लावलेला आंबा आहे. दोन फांद्या शेजारच्यांच्या गच्चीवर गेल्यात. कैऱ्या तेच तोडतात, लोणचं घालतात, आणि वर पानांचा कचरा होतो म्हणून रोज कटकट. आता म्हणतात मुळांनी आमची भिंत तडकली, झाडच काढा. (राजेंद्र नगर)

उत्तर: लोणचं घालून कटकट, वा! सर्वसाधारण कायदा असा आहे की फांदी त्यांच्या हद्दीत आली आणि त्रास होत असेल तर ती काढा असं सांगायचा त्यांना हक्क आहे, तुम्ही नाहीच काढली तर सांगून-सवरून हद्दीपर्यंतची ते छाटू शकतात. पण फळ झाडाच्या मालकाचं, फांदी कुणाच्या का गच्चीवर असेना. म्हणजे पानांचा हक्क त्यांना नकोय आणि कैऱ्यांचा पाहिजे, असं नाही चालत.

झाड काढायचं म्हणाल तर ते तुमच्याही हातात नाही आणि त्यांच्याही. मध्यप्रदेशात शहरी भागातल्या झाडांसाठी २००१ चा वेगळा कायदा आहे, झाड स्वतःच्या अंगणातलं असलं तरी परवानगी घेतल्याशिवाय तोडता येत नाही. हे त्यांना सांगून टाका म्हणजे तुमच्यावरचा दोष पण जातो, "आम्ही तयार आहोत हो पण निगमची परमिशन लागते". भिंतीचं मात्र हसण्यावारी नेऊ नका. एखाद्या इंजिनिअरला आणून दाखवा, दोघांनी मिळून पैसे द्या, कारण एकाने आणलेला इंजिनिअर दुसऱ्याला पटत नसतो. कधीकधी तडा मुळांचा नसतोच, गच्चीचं पाणी जिरून पडलेला असतो.

छाटणी आत्ता नको, आंबे उतरले की करा, पावसाच्या सुरुवातीला, मोहोर यायच्या वेळी छाटलं तर पुढच्या वर्षी दोघांनाही काही मिळायचं नाही. आणि यंदा त्यांनी तोडायच्या आधी तुम्हीच एक टोपलीभर कैऱ्या नेऊन द्या. चिडून नका देऊ. लोणचं झालं की तुमचं भांडं ते रिकामं परत करू शकणार नाहीत, आपल्या लोकांत ती पद्धतच नाही, आणि बरणीभर लोणचं घरात आलं की पानांवरून बोलायला त्यांनाच जड जाईल.

प्रश्न: एक काका पहाटे फिरायला येतात आणि पिशवी भरून आमची जास्वंद आणि मोगरा नेतात. देवासाठी नेतात म्हणून काही बोलता येत नाही.

उत्तर: का नाही बोलता येत? देवाने त्यांना तुमच्या कुंपणात हात घालायला सांगितलंय का? बोलवत नसेल तर जास्वंदीच्या कळ्या आदल्या संध्याकाळीच काढून घ्या, सकाळी घरात उमलतात, मोगऱ्याच्या पण. आणि कंपाउंडवर एका वाटीत पाच फुलं ठेवा काकांसाठी. वाटी बघितली की त्यांना कळतं की आपल्याला बघितलंय.

प्रश्न: शेजारच्या भाभी त्यांच्या नातवाची डायपर काळ्या पन्नीत बांधून आमच्या डब्यात टाकतात, कचरा गाडीवाला आम्हालाच बोलतो. कधी बॅकलेनमध्ये पण फेकलेलं सापडतं. आपलं इंदूर इतकं नंबर वन आणि ही अशी माणसं! (लोकमान्य नगर)

उत्तर: २०१७ पासून आपण नंबर वन आहोत ते काही सगळी माणसं सुधारली म्हणून नाही, रोज सकाळी गाडी गाणं वाजवत दारात येते आणि न वेगळा केलेला कचरा परत करते म्हणून. ओला, सुका, प्लॅस्टिक, ई-कचरा, सॅनिटरी, घातक, असे सहा प्रकार करायचे असतात, डायपर सॅनिटरीमध्ये जातं, गाडीला त्याचा डबा वेगळाच असतो. ओल्यात गेलं तर आख्खा ओला कचरा बिघडतो, आपला ओला कचरा देवगुराडियाला जाऊन त्याचा गॅस होतो आणि त्यावर सिटी बस चालते, त्यात डायपर कशाला हवंय?

माझा सल्ला म्हणजे डबा गाडी आल्यावरच बाहेर आणा, रात्रीपासून ओटल्यावर ठेवूच नका. निम्मं भांडण तिथेच संपेल. बॅकलेनचं मात्र निगमच्या सफाई दरोग्याला सांगा, तिथे ढीग पडला की चालान कुणाचं करायचं हे तो बघेल. भाभींना सांगायचं असेल तर नातवाचं कौतुक करता करता सांगा की गाडीला वेगळा डबा आहे हो, आम्हाला पण आत्ताच कळलं. थोडं खोटं चालतं अशा वेळी.

आता ही गंमत बघा. एकाच गल्लीतून दोन पत्रं आलीत, दोघींना एकमेकींच्या पत्राचा पत्ता नाही, आणि मी पण सांगणार नाही.

प्रश्न (पहिलं पत्र): समोरची मुलगी रोज रात्री गेटजवळ कुत्र्यांना खायला घालते. कॉलनीतली सगळी कुत्री तिथे जमतात. माझ्या नातीला सायकल चालवता येत नाही, मागे लागतात. निगमची गाडी बोलावून उचलून न्या म्हटलं तर ती कायदा दाखवते.

प्रश्न (दुसरं पत्र): मी स्वतःच्या पगारातून भटक्या कुत्र्यांना खायला घालते. समोरच्या आजी रोज शिव्या देतात, परवा कुणीतरी एका कुत्र्याच्या अंगावर गरम पाणी टाकलं. मी पोलिसात जाऊ का?

उत्तर (दोघींना): गरम पाण्याचं आधी. ते ज्याने कुणी केलं त्याला सांगा की हा गुन्हा आहे, प्राण्याला मारलं किंवा अधू केलं तर भारतीय न्याय संहितेत पाच वर्षांपर्यंत शिक्षा आहे. आजींनीच केलं असं मी म्हणत नाहीये, आणि मुली, तू पण पुराव्याशिवाय म्हणू नकोस.

आता खाण्याचं. प्राणी जन्म नियंत्रणाच्या २०२३ च्या नियमांत दोघींचंही आहे. खायला घालायला बंदी नाही, पण कुठे आणि कधी ते ठरवायचं काम रहवासी संघाचं आहे, आणि ती जागा जिन्यापासून, येण्याजाण्याच्या दारापासून आणि मुलं खेळतात तिथून लांब पाहिजे. मग गेटजवळ कसं काय चालेल? नाही चालत. मुलीने कायदा दाखवला तो अर्धाच दाखवला. आणि आजी, निगमने कुत्री उचलली तरी नसबंदी आणि लस झाली की त्याच जागी परत सोडायची असतात, रेबीज झालेलं किंवा खूपच आक्रमक कुत्रं असेल तर गोष्ट वेगळी, सुप्रीम कोर्टाने पण ऑगस्ट २०२५ मध्ये हेच म्हटलं. म्हणजे उचलून लांब सोडून या हा मार्गच नाहीये. सोडली तरी रिकाम्या गल्लीत दुसरी येतात, ती तर ओळखीची पण नसतात.

म्हणून करायचं काय, तर संघाच्या सेक्रेटरीला घेऊन एक जागा ठरवा, बगीच्याच्या मागच्या कोपऱ्यासारखी, वेळ ठरवा, नातीची सायकल संध्याकाळी तर खाणं रात्री साडेनऊनंतर. खाऊन झालं की पत्रावळ उचलायची मुलीने. कुठल्या कुत्र्याची नसबंदी झालीय ते कानाच्या कापलेल्या टोकावरून कळतं, ज्यांची नाही झाली त्यांच्यासाठी निगमला फोन मुलीनेच करायचा, कारण तिच्या हाताला ती येतात, पकडायला सोपं जाईल. आजींनी नातीला शिकवायचं की कुत्रं मागे लागलं तर सायकल जोरात पळवायची नाही, थांबायचं. आणि चुकून चावलंच तर हळद-मिरची लावत बसू नका, नळाखाली साबणाने पंधरा मिनिटं धुवा आणि त्याच दिवशी इंजेक्शन घ्या, लाल अस्पतालमध्ये मिळतं.

हे सगळं समोरासमोर बोला हं, ग्रुपवर नको. ग्रुपवर आजींच्या बाजूचे आणि मुलीच्या बाजूचे असे दोन पक्ष होतील, कुत्री राहतील बाजूला आणि गेल्या गणपतीच्या वर्गणीचा हिशोब निघेल.

प्रश्न: शेजाऱ्यांनी एमओएस, म्हणजे घराभोवती सोडायची मोकळी जागा, कव्हर करून किचन वाढवलं, आमच्या बेडरूमच्या खिडकीला चिकटलंय, फोडणीचा धूर आत येतो. निगममध्ये तक्रार केली तर तुटेल का?

उत्तर: मोकळी जागा सोडायचीच असते, २०१२ च्या भूमि विकास नियमांत प्लॉटच्या मापाप्रमाणे किती ते दिलंय, आणि सगळंच बांधकाम काही दंड भरून कंपाउंडिंगमध्ये, म्हणजे नियमित करून घेण्यात, बसत नाही. पण मला एक खरं सांगा, तुमचा एमओएस मोकळा आहे का? मागे वॉशिंग मशीनवर शेड, पुढे गाडीसाठी पत्रा, जिन्याखाली स्टोअर? कारण निगमचा माणूस टेप घेऊन आला की तो एकाच घराचं माप घेऊन जात नाही. तुमचं खरंच मोकळं असेल तर बिनधास्त लेखी द्या, पास झालेल्या नकाशाची कॉपी जोडून. नसेल तर त्यांना चिमणी बसवायला सांगा आणि तिचं तोंड रस्त्याकडे करून घ्या, तेवढं ते करतील.

प्रश्न: समोरच्यांच्या कॅमेऱ्यात आमचा पूर्ण ओटला आणि दार दिसतं. कोण आलं, कोण गेलं, भाभींना सगळं माहीत.

उत्तर: भाभींना कॅमेऱ्याआधी पण माहीत होतं ना? गंमत सोडा, तुमची तक्रार रास्त आहे, त्यांचं गेट आणि रस्ता दिसला तर ठीक, तुमच्या दाराच्या आतलं नाही. भांडायला जाण्याआधी "एकदा स्क्रीन दाखवता का, आमच्याकडची स्कूटर कोण खरचटून गेलं बघायचं होतं" असं म्हणून जा आणि खरंच किती दिसतं ते बघा. बहुतेक कॅमेऱ्यांच्या सेटिंगमध्ये ठराविक भाग काळा करायची सोय असते, प्रायव्हसी मास्क म्हणतात, लावणाऱ्या पोराला सांगितलं की दोन मिनिटांचं काम. नाही म्हणाले तर मग मात्र लेखी कळवा आणि त्याची एक कॉपी ठाण्यात द्या.

प्रश्न: भंवरकुआंच्या कोचिंगमुळे आमच्या शेजारच्यांनी घराचं होस्टेल केलं. रात्री एकपर्यंत बाइकी, हसणं, स्पीकरवर गाणी. मालक स्वतः दुसरीकडे राहतात, फोन उचलत नाहीत. (एक निवृत्त शिक्षक)

उत्तर: सर, रात्री दहा ते सकाळी सहा स्पीकर बाहेर ऐकू येईल असा लावता येत नाही, २००० चे ध्वनी नियम आहेत, आणि रहिवासी भागात रात्रीची मर्यादा ४५ डेसिबल, म्हणजे साध्या गप्पांच्या आवाजापेक्षा पण कमी. आपल्या प्रदेशाचा तर १९८५ चा कोलाहल नियंत्रण कायदा वेगळा आहेच. फोन ११२ वर करायचा, गाडी येते. मालकासाठी दुसरं हत्यार आहे, भाडेकरूंची माहिती ठाण्यात दिलीय का आणि रहिवासी नकाशावर होस्टेल चालवायची निगमची परवानगी आहे का एवढे दोन प्रश्न लेखी विचारा, फोन आपोआप उचलतील.

पण पोरांच्या बाबतीत मी तुमच्याकडून जरा वेगळी अपेक्षा करते. रीवा, सतना, छतरपूरहून आलेली पोरं ती, एका खोलीत तिघं, एमपीपीएससीचा, म्हणजे राज्य लोकसेवा आयोगाचा, रिझल्ट कधी लागेल याची वाट बघतायत. तुम्ही शिक्षक आहात. एका संध्याकाळी जाऊन त्यांच्यातला जो जरा मोठा दिसेल त्याला नावाने ओळखून घ्या आणि सांगा की दहानंतर बाइक गल्लीच्या तोंडाशी बंद करून ढकलत आणायची. कुणी पोलिसांना फोन करेल ही भीती आणि ओळखीच्या सरांची लाज, दोन्हीतली लाज जास्त दिवस टिकते. आणि हो, त्यांना तुमच्याकडून जुने इतिहासाचे गाइड मिळाले तर घेतील ते, निदान रद्दीत तरी जाणार नाहीत.

प्रश्न: घरासमोरच्या रस्त्यावर शेजारी विटा आणि कुंड्या ठेवून गाडीची जागा अडवतात. आमची गाडी लावली तर हवा काढतात. जागा कुणाची?

उत्तर: निगमची. त्यांची नाही आणि तुमची पण नाही, घरासमोर आहे म्हणून रस्ता कुणाचा होत नाही. कुंड्या, विटा हे अतिक्रमण, निगमच्या ३११ अॅपवर फोटो टाकता येतो. हवा काढणं मात्र कुणी करताना बघितलंय का? नसेल बघितलं तर त्यांचं नाव घेऊ नका, गल्लीतली पोरं पण काढतात आणि सध्या सुट्ट्या आहेत. पुढच्या अंकासाठी वाढलेल्या गॅलऱ्या, एसीचं पाणी आणि गच्चीवरच्या पापडांवर बसणारी कबुतरं यांची पत्रं ठेवलीत. सुनेबद्दल लिहिणाऱ्या ताईंनी परत पाठवू नये, ते मी छापणार नाहीये.